चांदबिबीचा तह ही शरणागती नव्हे

संपादक महोदय,

वऱ्हाड मोगलांना देऊन चांदबिबीने निजामशाहीची अब्रू घालवली, हे गेल्या अंकातील पत्र वाचून राहवले नाही. १५९६ मध्ये शहजादा मुरादच्या फौजेने सुरुंग उडवून नगरच्या किल्ल्याला खिंडार पाडले, तेव्हा ती स्वतः तिथे उभी राहिली आणि तिने रातोरात ते खिंडार बुजवून घेतले. तह झाला तो त्यानंतर. वऱ्हाड गेले, राजधानी आणि बालराजा बहादूरची गादी मात्र वाचली. लढून मिळवलेल्या तडजोडीला शरणागती कसे म्हणावे? १६०० मध्ये तिने पुन्हा बोलणी सुचवली, तर फितुरीचा आळ घेऊन स्वकीयांनीच तिला ठार केले. लवकरच किल्ला पडला, बहादूर ग्वाल्हेरच्या कैदेत गेला. पत्रलेखकांनी तोच आळ पुन्हा घेऊ नये, ही विनंती.

– एक वाचक, अहिल्यानगर