सुमो आणि काळा लंगोट

सुमो म्हटलं की आपल्याला आधी टाटांची गाडी आठवते (तिचं नाव खरं तर सुमंत मूळगावकरांवरून, पण ते असो) आणि मग ढेरपोटे पैलवान. ऑफिसात कोणी दुसरी थाळी मागवली की हमखास विनोद होतो. मला तो हल्ली पचत नाही.

कारण ही माणसं पहाटे उपाशीपोटी आखाड्यात उतरतात. नाश्ता नसतोच. आधी सर्वात खालच्या श्रेणीची पोरं येतात. 'शिको' म्हणजे एकेक पाय उंच उचलून दाणकन जमिनीवर आपटायचा, शेकडो वेळा. मग एकाने छाती पुढे करून उभं राहायचं आणि दुसऱ्याने त्याला ढकलत रिंगणापार न्यायचं, दम संपेपर्यंत. दुपारी चांको, म्हणजे मांस-मासे-भाज्यांचं भलंमोठं कालवण आणि भात. शिजवायचं खालच्यांनी, पण आधी जेवणार वरचे.

इथपर्यंत ठीक. तालमीत धाकट्याने थोरल्याचं काम करायचं हे कोल्हापूरकराला कोणी सांगायला नको. मला खटकतो तो पगार. जवळपास सहाशे पैलवानांत महिन्याचा पगार फक्त वरच्या दोन श्रेणींतल्या 70 जणांना! त्यातल्या खालच्या श्रेणीचा, जुर्योचा, पगार 2019 मध्ये महिना 11 लाख येन झाला. त्याखालच्या माकुशिताला शून्य. राहणं-खाणं फुकट आणि स्पर्धेमागे भत्ता, बस्स. वर्षात सहा स्पर्धा, प्रत्येकीनंतर नवी क्रमवारी. जुर्योतून घसरलात की पगार गेला, दिमतीची पोरं गेली, सरावाचा पांढरा लंगोट जाऊन पुन्हा काळा. आणि आपण अप्रेझलला शिव्या घालतो.

यावर लोक तेरुनोफुजीचं उदाहरण देतात. 2015 मध्ये ओझेकी, म्हणजे वरून दुसरा हुद्दा. गुडघे आणि मधुमेहामुळे 2019 मध्ये थेट तळाहून दुसऱ्या श्रेणीत. तिथून परत चढून 2021 मध्ये योकोझुना! अफाटच आहे हे, वादच नाही. पण एका तेरुनोफुजीवरून पद्धत बरोबर कशी ठरते? 2007 मध्ये आखाडा सोडून जाऊ पाहणारा 17 वर्षांचा मुलगा सरावाच्या नावाखाली झालेल्या मारहाणीत मेला. त्याच्या गुरूला तुरुंगवास झाला, नियम कडक झाले, पगाराची रेघ मात्र जिथल्या तिथे.

माझं म्हणणं, निदान माकुशिताच्या 120 जणांना तरी दरमहा काहीतरी द्या. हातात चार पैसे असले, तर ज्याला निघून जायचंय त्याला निघता तरी येईल.