चार लाखांत हिशोब मिटत नाही

सरकारने गेलेल्या प्रत्येक लेकरामागे चार लाख रुपये जाहीर केले आणि आता सगळे गप्प आहेत, याचा मला संताप आहे. 2025 च्या सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये छिंदवाड्याच्या परासिया भागात, शेजारच्या बैतूलमध्ये आणि आमच्या पांढुर्णा जिल्ह्यातही ‘कोल्ड्रिफ’ हे खोकल्याचे औषध पाजलेली वीसहून अधिक लेकरे गेली. त्या औषधात डायइथिलीन ग्लायकॉल हे विष 48.6 टक्के निघाले. मर्यादा आहे 0.1 टक्का.

आजार कसा चढत गेला, ते या भागातल्या आयांना आता तोंडपाठ आहे. आधी सर्दी-ताप. मग डॉक्टरची चिठ्ठी, मेडिकलवरून बाटली. दोन-तीन दिवसांत पोराची लघवी बंद. अंगावर सूज. आणि मग एकच वाक्य : नागपूरला न्या. पांढुर्णा काय, सौंसर काय, जीव वाचवायचा आमचा रस्ता नागपूरलाच जातो. तिथे डायलिसिस, काचेपलीकडे पोर, अलीकडे बाप फोनवर उसनवारी करतोय. काहींचे पैसे आधी संपले, काहींची पोरे आधी गेली.

आता त्या चार लाखांचे बोलू. ती मदत आहे. मदत देणारा चूक कबूल करत नाही आणि घेणाऱ्याला जाब विचारता येत नाही. शिवाय हा पैसा मध्य प्रदेशच्या तिजोरीतला, म्हणजे ज्यांची लेकरे गेली त्यांच्याच करातला. विष ज्यांनी भरले त्यांच्या खिशाला यात कुठेच चाट बसत नाही. औषध बनवणाऱ्या कंपनीच्या मालकाला अटक झाली, तिचा परवाना रद्द झाला, हे योग्यच झाले. पण फौजदारी खटला आरोपीला शिक्षा देण्यासाठी असतो. घर उभे करण्यासाठी नव्हे. औषध कायद्यात भेसळीच्या गुन्ह्यातला दंड पीडिताच्या वारसाला द्यावा अशी तरतूद आहे खरी, पण तो दोषसिद्धीनंतर. तोवर दहा वर्षे जातील की वीस, कोण सांगणार?

ज्याच्या हलगर्जीने नुकसान झाले त्यानेच ते भरून द्यायचे, हे अपकृत्य कायद्याचे साधे तत्त्व. आपल्याकडे या विषयावर एकसंध कायदाच नाही. मृत्यूची भरपाई मागायची तर आजही 1855 सालच्या इंग्रजी अमदानीतल्या कायद्याचा आधार घ्यावा लागतो. दिवाणी दावा लावायचा तर मागाल त्या रकमेच्या प्रमाणात कोर्ट फी. 2019 च्या ग्राहक कायद्यात सदोष मालाबद्दल उत्पादकावर दायित्व आले, फीचा भारही तिथे नाही, पण तिथे पहिला प्रश्न येतो : पावती कुठे? आमच्या गावातल्या मेडिकलवर खोकल्याच्या बाटलीची पावती किती जण मागतात? आणि पोर गेल्यावर रिकामी बाटली किती घरांत ठेवली जाते?

रक्कम ठरवायची रीत तर अंगावर काटा आणणारी. लहान मूल कमवत नाही, म्हणून न्यायालये त्याचे काल्पनिक उत्पन्न धरतात. मोटार अपघातांच्या तक्त्यात 1994 पासून ते वर्षाला 15,000 रुपये होते. 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात 30,000 धरले. गरिबाच्या लेकराचा जीव जितका स्वस्त, तितके त्याच्याशी निष्काळजी वागणे परवडते. कारखानदाराला हे गणित कुणी शिकवावे लागत नाही.

सुधारणेची भाषा निघाली की एक वर्ग लगेच ओरडतो : अमेरिकेसारखी दाव्यांची लाट येईल, औषधे महागतील, उद्योग पळून जातील. मला हा युक्तिवाद निर्लज्ज वाटतो. रस्त्यावर स्कूटी काढायची तर तिसऱ्या पक्षाचा विमा सक्तीचा. लेकरांच्या पोटात जाणारे औषध बनवणाऱ्याला तसा विमा सक्तीचा नाही. म्हणजे उद्या कंपनी बुडाली की भरपाईचा हुकूम भिंतीवर टांगायचा. उलट 2023 च्या जनविश्वास कायद्याने निकृष्ट औषधांच्या काही गुन्ह्यांत पैसे भरून तडजोड करण्याची वाट मोकळी केली. जीवघेण्या भेसळीला ती सवलत नाही, हे मान्य. पण वारे कुठल्या दिशेने वाहते आहे, ते यातून दिसते.

कुणी म्हणेल, धोका सगळीकडेच असतो. धोका म्हणजे काय ते पांढुर्ण्याला शिकवू नका. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीच्या पात्रात पळसाचे झाड रोवले जाते आणि पांढुर्णा-सावरगावचे लोक गोटमारीला उतरतात. दरवर्षी शेकडो जखमी होतात, 1955 पासून डझनाहून अधिक माणसे गेली. (रुग्णवाहिका उभ्या करून प्रशासनाची जबाबदारी संपते, असे मी तिथेही मानत नाही.) पण पात्रात उतरणाऱ्याला समोरून दगड येणार हे ठाऊक असते. तीन वर्षांच्या पोराने आईने चमचा पुढे केला म्हणून तोंड उघडले. त्याने कुठला धोका पत्करला होता?

आणि सरकारचे काय? ‘कोल्ड्रिफ’ बनवणाऱ्या कांचीपुरमच्या श्रीसन फार्माकडे परवाना 2011 पासूनचा. लेकरे गेल्यावर तपासणी झाली आणि साडेतीनशेहून अधिक उल्लंघने सापडली. इतकी वर्षे निरीक्षक काय पाहत होते? हा प्रश्न भरपाईच्या दाव्यात विचारायला गेलात, की सरकार सार्वभौम कार्याची ढाल पुढे करते. ती भक्कम केली 1964 च्या कस्तुरीलाल निकालाने. मेरठच्या पोलिसांनी जप्त केलेले सोने हवालदाराने लांबवले, तरी राज्य जबाबदार नाही, असे ठरले. निकाल लिहिणारे सरन्यायाधीश आपले गजेंद्रगडकर. पण कायदा बदलायला हवा, हे त्यांनीच त्यात बजावले. त्याआधी 1956 मध्ये विधी आयोगाने आपला पहिलाच अहवाल याच विषयावर दिला होता. 1965 आणि 1967 ची विधेयके संसदेत विरून गेली. पुढे उच्च आणि सर्वोच्च न्यायालयांनी मूलभूत हक्कांच्या आधारे काहींना भरपाई दिली, पण ती न्यायालयाच्या मर्जीवर. परासियाच्या मजुराने जबलपूरचे उच्च न्यायालय गाठून रिट करावी, ही अपेक्षाच क्रूर आहे.

हे विषही नवे नाही. 1986 मध्ये मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात याच रसायनाने दूषित ग्लिसरीनमुळे 14 रुग्ण दगावले. न्यायमूर्ती लेंटिन यांच्या आयोगाने सगळी व्यवस्था उघडी पाडली. जम्मूतल्या लेकरांच्या अशाच मृत्यूंनंतर मानवाधिकार आयोगाने प्रत्येकी तीन लाख द्यायला सांगितले, तर प्रशासन त्याविरुद्ध न्यायालयात गेले. आणि भोपाळचे वायुकांड तर आमच्याच राज्यातले. पीडितांच्या वतीने लढण्याचा हक्क सरकारने स्वतःकडे घेतला आणि 1989 मध्ये 47 कोटी डॉलरवर तडजोड केली. वाढीव भरपाईची मागणी 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने फेटाळली.

म्हणून मागणी स्पष्ट आहे. औषध कंपन्यांना दायित्वाचा विमा सक्तीचा करा. विषारी औषधात चूक सिद्ध करण्याचे ओझे आईबापांवर टाकू नका. परवाना देणाऱ्या यंत्रणेलाही भरपाईत सामील करा आणि 1956 चा तो अहवाल कायद्यात उतरवा. यातले काहीही होण्याची वाट मात्र या घरांनी पाहू नये, कारण मृत्यूच्या दाव्याची मुदत दोनच वर्षे आहे आणि ती केव्हाच सुरू झाली. पांढुर्णा, सौंसर आणि छिंदवाड्याच्या वकील संघांनी स्वतः त्या दारांत जावे, फी न घेता वकालतनामे घ्यावेत. चिठ्ठी, बाटली, नागपूरचे डिस्चार्ज कार्ड, डायलिसिसची बिले, जे असेल ते आजच गोळा करावे आणि मृत्यूला दोन वर्षे पूर्ण होण्याआधी दावे दाखल करावेत.