पश्चिमेच्या खिडकीचा पडदा

वाचकहो, वर्षभर या पानावर मी तुमच्याशी शब्दांविषयी बोलत असतो. दिवाळी अंकासाठी मात्र संपादकांनी "यंदा जरा घरगुती काहीतरी लिहा" असे सुचवले. ते ऐकून आमच्या सौभाग्यवती म्हणाल्या, "मग आपल्या पडद्याचं लिहा. गेल्या साली सहा महिने घरात दुसरं बोलणं तरी कुठलं होतं?"

गोष्ट खरी आहे. मंगळवार पेठेतला आमचा वाडा आता नावापुरताच वाडा उरला आहे. वाटण्या होता होता आमच्याकडे सोपा, माजघर, स्वयंपाकघर आणि वरची माडी एवढेच राहिले. पण सोप्याची पश्चिमेची खिडकी आमच्या वाट्याला आली, आणि तेवढ्यावर आमच्या आईने सगळी वाटणी गोड मानली. ही खिडकी जमिनीपासून जेमतेम हातभर उंचीवर सुरू होते. सागवानी चौकट, लोखंडी गज, वरच्या दोन आणि खालच्या दोन अशा चार झडपा. भिंत इतकी जाड की खिडकीच्या पोटात उशी टाकून माणूस आरामात बसावा. आई तिथेच बसते. तिचे गुडघे गेल्यापासून तर तिचा गाव म्हणजे त्या खिडकीतून दिसणारी गल्ली.

समोर जरा उजव्या अंगाला एक जुने घर होते. ते पडले आणि तिथे चार मजली इमारत उभी राहिली. तिच्या प्रत्येक गॅलरीतून आमचा सोपा थेट मागच्या भिंतीपर्यंत दिसू लागला. मी पाटावर बसून जेवताना किती भाकऱ्या खातो, याची नोंद तिसऱ्या मजल्यावर होत असावी, असा सौभाग्यवतींचा संशय होता. त्यात मागच्या भिंतीला माझे पुस्तकांचे कपाट. हिवाळ्यातले तिरपे ऊन नेमके त्याच्यावर येते. लाल कापडी बांधणीची पुस्तके गुलाबी झाली, हिरवी होती ती कसल्या रंगाची झाली ते सांगता येत नाही. तेव्हा पडदा हवा, यावर आम्हा दोघांचे एकमत झाले. लग्नानंतरच्या बावीस वर्षांतले हे बहुधा तिसरे एकमत.

महाद्वार रोडवरच्या दुकानात आम्ही गेलो. तासाभरात मखमल, साटीन, मोठ्या मोठ्या पानांचे पॉलिस्टर असा डोंगर गादीवर झाला. दुकानदाराने विचारले, "सर, घर किती खणांचं?" मी म्हणालो, "आमचा सोपा पाच खणांचा." आणि मनात हसू आले. दोन खांबांमधल्या अंतरालाही आपण खण म्हणतो आणि चोळीच्या कापडालाही खण. घर आणि कापड एकाच शब्दाने मोजणारी आपली भाषा! हे मी सौभाग्यवतींना सांगू लागलो, तर त्या म्हणाल्या, "ते वर्गात. इथं भाव विचारा."

भाव विचारल्यावर हिशेबाला लागलो. दोन्ही बाजूंना सरकणारा चुण्यांचा पडदा करायचा, तर खिडकीच्या रुंदीच्या दीडपट ते दुप्पट कापड लागते, नाहीतर तो वाळत घातलेल्या चादरीसारखा दिसतो. शिवाय दांडी भिंतीत ठोकायची. आमची भिंत माती आणि चुन्याची. खिळा मारला की ओंजळभर भिंत हातात येते. यावर आमच्या ओळखीच्या शिंप्याने तोड काढली. वरून खाली सोडायचा आणि दोरी ओढली की घड्या पडत वर जायचा, असा सपाट पडदा. दुकानात त्याला 'रोमन' म्हणतात. त्याला खिडकीच्या रुंदीएवढेच कापड आणि दुमडीपुरते चार बोटे जास्त. पाठीमागे हात-हात अंतरावर शिवलेल्या पट्ट्या, त्यांत लाकडी काड्या, कड्यांतून गेलेली दोरी. आणि तो भिंतीला नव्हे, चौकटीच्या वरच्या लाकडाला बसवायचा. शंभर वर्षांचे सागवान स्क्रू धरते.

शिंप्याने माप घेतले तेव्हा आणखी एक शहाणपण कळले. खिडकी वरती पस्तीस इंच, मध्यावर साडेपस्तीस आणि खाली सव्वाछत्तीस! "जुन्या घराची खिडकी अशीच असतीया, सर. तीन ठिकाणी माप घ्यायचं आणि सगळ्यांत कमी असंल ते धरायचं." चौकटीच्या आत बसणाऱ्या पडद्याला हे न केले तर तो निम्म्यावर अडकतो.

कापड मात्र सुतीच घ्यायचे ठरले. इचलकरंजी इथून तीस किलोमीटरवर. १९०४ साली विठ्ठलराव दातार यांनी तिथे पहिला यंत्रमाग आणला आणि गावाचे नशीब पालटले. इथे कोल्हापुरात १९०६ साली शाहू महाराजांनी सुरू केलेली शाहू मिल होती. तिचा भोंगा आता बंद झाला आहे, पण इचलकरंजीचे माग चालू आहेत. आम्ही साईच्या रंगाचे जाड सुती कापड घेतले आणि मागून मांजरपाटाचे अस्तर. उन्हाचा मारा अस्तराने सोसायचा, दर्शनी कापडाचा रंग टिकायचा. सुती कापड पहिल्या धुण्यात शंभराला तीन-पाच इंच आटते. म्हणून दोन्ही कापडे शिवण्याआधी रात्रभर पाण्यात भिजवून वाळवली. अस्तर आटले आणि कापड आटले नाही, तर पडद्याला सुरकुत्या पडतात.

एवढी सगळी सिद्धता झाल्यावर एका संध्याकाळी कापड आईला दाखवले. तिने हात लावून पाहिले आणि बाजूला सारले.

"कशाला रं बाळ ह्यो पडदा?"

"आई, ती समोरची माणसं बघतात," सौभाग्यवती म्हणाल्या.

"बघू देत की. मला कोन बघतंय ह्या वयात?" मग थोडा वेळ थांबून ती म्हणाली, "लग्न होऊन ह्या घरात पाऊल टाकलं तवा टांग्याला पडदा हुता. सोप्याच्या दाराला पडदा हुता. बाहेर कोन आलंय, ते आवाजावरनं वळखायचं. पंधरा वर्सं ही खिडकी मी आतनं बघितली न्हाई. तुझं आजोबा गेले, मग हितं बसाय मिळालं. आता ह्या वयाला परत पडदा?"

वाचकहो, 'पडदा' हा शब्द फारसीतून आला, नाटकात त्याला 'जवनिका' म्हणतात, हे मी वीस वर्षे वर्गात सांगत आलो आहे. आनंदराव आणि बाबूराव पेंटर यांनी याच गावात नाटकांचे पडदे रंगवले आणि १९१७ साली बाबूरावांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी काढून पांढऱ्या पडद्यावर चित्रे हलवली, हेही मी अभिमानाने सांगतो. पण गोषा हा शब्द माझ्याच घरात, माझ्याच आईच्या पाठीशी उभा होता, हे मला ठाऊक नव्हते. कधी विचारलेच नव्हते.

चार दिवस कापड तसेच घडी घालून पडून राहिले. सौभाग्यवतींनीही विषय काढला नाही. पाचव्या दिवशी त्याच आईशेजारी खिडकीत जाऊन बसल्या, वर पाहिले, खाली पाहिले आणि मला हाक मारली. "अहो, वरून बघणाऱ्याची नजर वरच्या अर्ध्या खिडकीतूनच आतपर्यंत जाते. कपाटावरचं ऊनही बरंचसं तिथूनच येतं. खालच्या अर्ध्या खिडकीतून फक्त गल्ली दिसते. पडदा वरून सोडायचा आणि निम्म्यावर थांबवायचा. झडपा करणाऱ्याला हे शंभर वर्षांपूर्वी कळलं होतं, म्हणून त्यानं वरच्या वेगळ्या केल्या आणि खालच्या वेगळ्या."

मी नाटकातल्या पात्रासारखा कपाळाला हात लावला. सरकत्या पडद्याने हे कधीच साधले नसते. तो एकतर सगळी खिडकी झाकतो, नाहीतर सगळी उघडी टाकतो.

शिंप्याला एकच बदल सांगितला. दोरी आईच्या हाताला येईल अशी बांधायची. (ज्यांच्या घरी रांगते मूल आहे त्यांनी मात्र ती उंचच बांधावी. लोंबती दोरी मुलाच्या गळ्यात अडकू शकते.) खाली चौकटीशी बोटभर जागा सोडली, म्हणजे पावसात भिजलेल्या लाकडाची ओल कापडाला लागू नये.

दिवाळी झाली. नोव्हेंबरात अंबाबाईचा किरणोत्सव आला. ९, १० आणि ११ नोव्हेंबरला मावळतीचे किरण महाद्वारातून गाभाऱ्यात जातात. पहिल्या दिवशी चरणांवर, मग वर चढत तिसऱ्या दिवशी मुखावर. पुन्हा ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारीला तसेच. २१ डिसेंबरच्या सुमारास सूर्य दक्षिणेचे टोक गाठून परततो. त्याच्या आधी एकेचाळीस दिवस आणि नंतर एकेचाळीस दिवस तो एकाच जागी मावळतो, म्हणून हा योग वर्षातून दोनदा येतो. अलीकडे मधल्या इमारती किरणांच्या वाटेत येतात, अशी तक्रार दरवर्षी ऐकू येते. आईला आता गर्दीत देवळात जाता येत नाही. पण ते तीन दिवस ती खिडकीत बसते. समोरची इमारत उजवीकडे, मावळतीचा सूर्य डावीकडे. तेवढी वाट अजून मोकळी आहे.

११ तारखेला मी कॉलेजातून आलो तेव्हा पडदा निम्म्यावर होता. साडेपाचनंतर आईने दोरी ओढली. पडदा घड्या घालत वर गेला आणि सगळा सोपा सोनेरी झाला. माझ्या कपाटावर, गुलाबी झालेल्या पुस्तकांवर ऊन पसरले. सौभाग्यवती उठतील, पडदा खाली ओढतील, असे मला वाटले. त्या उठल्या, पण आईशेजारी जाऊन बसल्या. आईने हात जोडले.

"आता देवीच्या तोंडावर आलं असंल बग," ती म्हणाली.

ऊन गेले. गॅलरीतले दिवे लागले. आईने आपणहून दोरी सैल केली आणि पडदा निम्म्यावर आणून थांबवला.

"काय हुतं सूनबाई, पडद्याचं काय वाईट न्हवतं," ती सौभाग्यवतींना म्हणाली. "त्याची दोरी दुसऱ्याच्या हातात हुती, तेवढंच वाईट हुतं."