एकांचा कुलवृत्तांत, दुसऱ्यांची गुन्हेनोंद

महाराष्ट्रातील कोणत्याही जुन्या ग्रंथालयात कुलवृत्तांतांचे एक कपाट बहुधा सापडतेच. घराण्याचा मूळ पुरुष कोण, तो कोणत्या गावाहून आला, त्याला इनाम कोणी दिले, याची पिढीवार हकिकत त्या ग्रंथांत असते. आता नंदुरबार जिल्ह्यातील अक्राणी वा अक्कलकुवा तालुक्यातल्या एखाद्या भिल्ल किंवा पावरा शेतकऱ्याने आपल्या पणजोबाचा शोध घ्यावयाचे ठरविले, तर त्याने कोणते पुस्तक उघडावे? त्याच्या पूर्वजांचा उल्लेख येतो तो १८८० साली प्रसिद्ध झालेल्या खानदेश गॅझेटियरातील लूटमारीच्या हकिकतींत, पोलिसांच्या दप्तरात आणि वनखात्याच्या गुन्हेनोंदींत. एका वर्गाचा इतिहास वंशावळीच्या रूपाने लिहिला जावा आणि दुसऱ्याचा आरोपपत्राच्या रूपाने, हा काही योगायोग नाही. ज्याच्या हाती जमीन आणि सत्ता, त्याच्याच हाती लेखणी, असा हा सरळ हिशेब आहे.

सेंधव्याच्या घाटाची राखण करणारा खाज्या नाईक १८५७ साली कंपनी सरकारविरुद्ध उठला. ११ एप्रिल १८५८ रोजी सातपुड्यातील आंबापाणी येथे भिल्लांनी इंग्रजी फौजेशी झुंज दिली. त्याच वर्षांत उठलेले राजेरजवाडे पाठ्यपुस्तकांत स्वातंत्र्यवीर ठरले. खाज्या मात्र सरकारी कागदांत दीर्घकाळ दरोडेखोरच राहिला. पुढे १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा आला आणि जन्म हाच अपराध ठरला. १९०८ मध्ये मुंबई इलाख्याचे पोलीस महानिरीक्षक केनेडी यांनी इलाख्यातील ‘गुन्हेगार वर्गां’वर एक ग्रंथच सिद्ध केला. तो कायदा ३१ ऑगस्ट १९५२ रोजी रद्द झाला खरा. पण कारागृहांच्या नियमपुस्तिकांतून जातीवरून माणसाचे काम आणि स्वभाव ठरविण्याची रीत काढून टाकण्यासाठी सर्वोच्च न्यायालयाला ऑक्टोबर २०२४ मध्ये निकाल द्यावा लागला. कायदा मरतो, पण त्याने लिहवून घेतलेली पुस्तके जिवंत राहतात आणि नव्या अधिकाऱ्याच्या मनात जुनाच संशय पेरीत राहतात.

हा प्रश्न केवळ मानापमानाचा असता, तर साहित्य संमेलनाच्या एखाद्या ठरावाने भागले असते. प्रश्न जमिनीचा आहे. इंग्रजांच्या १८७८ च्या वनकायद्याने पिढ्यान्‌पिढ्यांची वहिवाट असलेले डोंगरउतार राखीव करण्याची वाट मोकळी केली. ज्याच्या आजोबाने खडक फोडून शेत केले, त्याचा नातू ‘अतिक्रमणदार’ झाला. नांगर धरणे हा गुन्हा आणि दंडाची पावती ही त्याची सनद! स्वातंत्र्यानंतरही शासनाने पूर्वजांच्या इतिहासाला आपल्या सोयीची कुंपणे घातली. आदिवासींना जमिनी परत करण्याचा महाराष्ट्राचा १९७४ चा कायदा १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळातील हस्तांतरांपुरताच होता. म्हणजे बापाची गेलेली जमीन मागता येईल. पण आजोबाची त्याआधी सावकाराने गिळलेली जमीन या कायद्याने मागता येणार नाही!

या पार्श्वभूमीवर २००६ च्या वनहक्क कायद्याचे मोल ओळखले पाहिजे. आदिवासींवर ऐतिहासिक अन्याय झाला, अशी कबुली या कायद्याच्या उद्देशिकेतच आहे. त्याखालील २००८ च्या नियमांतील तेराव्या नियमाने गावातील वृद्धांचे लेखी जबाब पुराव्यात धरले. जुन्या नोंदींतील व्यक्तींशी नाते जोडणारी वंशावळ धरली. जुन्या विहिरी, दफनभूमी, देवस्थाने धरली. शासकीय आणि न्यायालयीन कागदपत्रेही धरली. ज्या कागदाने आजोबाला आरोपी केले, तोच कागद आता नातवाच्या वहिवाटीचा साक्षीदार होऊ शकतो. दंडाची पावती सांगते की, त्या साली त्या जागी हा माणूस शेत कसत होता. सत्तेने स्वतःच्या हाताने लिहून ठेवलेली ही साक्ष तिला आता नाकारता येणार नाही.

पण ती नाकारली जाते. ‘पुरावा अपुरा’ या दोन शब्दांत दावा निकालात निघतो. वृद्धांचा जबाब बाजूला सारून उपग्रहाच्या छायाचित्रावर बोट ठेवले जाते. वस्तुतः असे छायाचित्र अन्य पुराव्यास पूरक ठरेल, त्याची जागा घेणार नाही, असे २०१२ ची नियमदुरुस्ती स्पष्ट सांगते. १३ फेब्रुवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दावे फेटाळलेल्यांना हुसकावण्याचा आदेश दिला, तेव्हा या दोन शब्दांची किंमत साऱ्या देशाला कळली. २८ फेब्रुवारीला त्या आदेशास स्थगिती मिळाली, म्हणून लक्षावधी चुली तूर्त वाचल्या.

सावकाराची चोपडी न्यायालयात पुरावा म्हणून दाखल होत आली आहे. ती सावकाराने स्वतःच्याच लाभासाठी लिहिलेली असते, याची फारशी चिकित्सा कोणी केली नाही. गॅझेटियर लिहिणाऱ्या साहेबाला तरी माहिती कोणी पुरविली? त्याच्याच हाताखालच्या अधिकाऱ्यांनी आणि अंमलदारांनी. तीही ऐकीव गोष्टच होती. फक्त ती सत्तेच्या कानांनी ऐकलेली होती. मग आदिवासी वृद्धाची स्मृती तेवढीच अविश्वसनीय कशी?

आपल्यातीलही काही साथी म्हणतात की, वंशावळी आणि पूर्वजांचा अभिमान हे सरंजामी मनाचे लक्षण आहे. समाजवाद्याने भविष्याकडे पाहावे. या आक्षेपात तथ्याचा अंश आहे, पण दोन वंशावळींतील भेद त्यात हरवतो. इनामदाराची वंशावळ दुसऱ्याच्या श्रमावरील मालकीचा दाखला देते. आदिवासीची वंशावळ स्वतःच्या श्रमाचा दाखला देते. कोणत्या हातांनी कोणते रान शेतीखाली आणले, हे ती सांगते. श्रमाचा इतिहास नाकारून श्रमिकांचे भविष्य कोणत्या पायावर उभारणार? १९७२ साली अंबरसिंग सुरतवंती आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी शहाद्यात भूमुक्तीची हाक दिली, तेव्हा कालपर्यंत पीकचोर म्हणून हिणविला जाणारा भिल्ल जमीनदाराला विचारू लागला की, ही जमीन मुळात कोणाची? चोर कोण, हा प्रश्न त्या क्षणी उलटा झाला.

लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’ १९८० साली आले, लक्ष्मण गायकवाड यांचे ‘उचल्या’ १९८७ साली. गुन्हेगारीचा शिक्का सोसलेल्या समाजांनी मराठीत प्रथमच आपली बाजू आपल्या शब्दांत मांडली. साहित्याने आपले काम केले. पुढचे काम संघटनेचे आहे.

साथींनो, प्रत्येक ग्रामसभेत एक वही सुरू करा. वृद्धांचे जबाब भिलोरीत, पावरीत, जसे ते बोलतील तसे देवनागरीत लिहून घ्या आणि सोबत मराठी अनुवाद जोडा. शेतांची नावे, विहिरी, वाघदेवाची ठाणी, दफनाच्या जागा नोंदवा. पेटीच्या तळाशी जपलेल्या दंडाच्या पावत्या तारीखवार लावा. वही ग्रामसभेत वाचून मंजूर करा आणि तिच्या प्रती दाव्यांना जोडा. दावा फेटाळला, तर कारण लेखी मागा. सातपुड्यात दरवर्षी साक्ष देणारी माणसे कमी होत आहेत आणि त्यांच्यासोबत पुरावाही मातीआड जात आहे. आपण लिहिले नाही, तर त्या घरांचा इतिहास म्हणून वनखात्याची गुन्हेनोंद तेवढी उरेल.