भाडे महिन्याला, स्वाधार वर्षाअखेरीला : हा कसला आधार?

घरमालक दर महिन्याच्या पहिल्या आठवड्यात दारात उभा राहतो. स्वाधारचा हप्ता कधी येईल, हे मात्र कोणीच सांगू शकत नाही. धाराशिवमध्ये खोली करून शिकणाऱ्या आपल्या पोरापोरींची सगळी अडचण या दोन वाक्यांत आली. तरीही 'यांना सगळे फुकट मिळते' म्हणणारे आहेतच. म्हणून हा हिशेब.

शासकीय वसतिगृहात प्रवेश न मिळालेल्या अनुसूचित जाती व नवबौद्ध विद्यार्थ्यांसाठी जानेवारी २०१७ च्या शासन निर्णयाने 'भारतरत्न डॉ. बाबासाहेब आंबेडकर स्वाधार योजना' आणली. त्यात मुंबई-पुण्यासारख्या मोठ्या शहरांसाठी वर्षाला ६० हजार, इतर विभागीय शहरांसाठी ५१ हजार आणि धाराशिवसारख्या जिल्ह्याच्या ठिकाणासाठी ४३ हजार रुपये ठरले. या ४३ हजारांत भोजनाचे २५ हजार, निर्वाहाचे ६ हजार आणि निवासाचे १२ हजार. म्हणजे खोलीसाठी महिन्याला १ हजार रुपये! यात बसस्टँडपासून चालत जाता येईल अशी एक खोली दाखवा, आम्ही हा लेख मागे घेतो.

रक्कम तोकडी आहेच, पण खरा घाव वेळेचा आहे. परंडा, भूम, वाशी, कळंब भागांतले आपले अनेक आईबाप दिवाळी झाली की ऊसतोडीला जातात. मुकादमाची उचल त्याआधीच घेतलेली आणि खर्चलेली असते. पोराचे भाडे कोठून द्यायचे? सावकाराकडून. मग वर्ष सरताना स्वाधारचे पैसे आले, की ते थेट सावकाराच्या घरी. आधार विद्यार्थ्याला झाला की सावकाराला?

भाडे भागवायला पोरगा दिवसा कुठे कामाला लागला, तर हजेरी बुडते. योजनेची अट ७५ टक्के हजेरीची. म्हणजे पैसे उशिरा आले म्हणून काम करायचे, काम केले म्हणून हजेरी गेली, हजेरी गेली म्हणून पैसेही गेले. या चक्रात अडकलेला पोरगा कॉलेज सोडतो आणि कागदावर तो 'अपात्र' ठरतो. त्याला अपात्र कोणी केले, हे कागद सांगत नाही.

त्यात भाडेकराराची अट. खोली बघायला गेलो की आधी आडनाव विचारतात, हे आम्हाला कोणी शिकवायला नको. बडोद्यात १९१७ साली कोलंबियात शिकून आलेल्या बाबासाहेबांनाही राहायला जागा मिळाली नाही. खोटे नाव सांगून पारशांच्या धर्मशाळेत राहावे लागले आणि तिथूनही हाकलले गेले. आज जो घरमालक नाइलाजाने खोली देतो, तो नोटरीच्या कागदावर सही कशाला करील? जातीमुळे घर मिळत नाही आणि घराचा कागद नाही म्हणून जातीसाठीची योजना मिळत नाही.

आता दुसरी बाजू पाहा. सरकारी कर्मचाऱ्याचा घरभाडे भत्ता दर महिन्याच्या पगारात येतो, मूळ पगार वाढला की वाढतो. त्याला कोणी फुकटे म्हणत नाही, म्हणूही नये. मग जे साहेबाला महिन्याला जमते, ते विद्यार्थ्याला का जमत नाही?

'निधी नाही' हे उत्तर आम्हाला सांगू नका. मे २०२५ मध्ये सामाजिक न्याय विभागाचे ४१० कोटी ३० लाख रुपये लाडकी बहीण योजनेकडे वळवले गेले. खात्याचे मंत्री संजय शिरसाट यांनीच त्यावर उघड नाराजी व्यक्त केली. बहिणींना पैसे मिळालेच पाहिजेत, त्यांत आमच्याही आयाबहिणी आहेत. पण आईच्या हातावर ठेवायचे ते लेकराच्या ताटातून काढून का?

बहिष्कृत हितकारिणी सभेकडे सरकारी तिजोरी नव्हती. तरी १९२५ मध्ये आपल्या शेजारच्या सोलापुरात तिने वसतिगृह काढले. आधी छप्पर, मग पुस्तक, हा क्रम बाबासाहेबांना ठाऊक होता. १९४१ मध्ये ते आपल्याच जिल्ह्यात कसबे तडवळ्याला परिषदेसाठी आले होते. त्या जिल्ह्यात त्यांच्याच नावाची योजना हा क्रम उलटा करते : आधी कर्ज काढून राहा, हजेरी भरा, मग बघू.

म्हणून आमच्या मागण्या स्पष्ट आहेत. निवासाची रक्कम दर महिन्याच्या ५ तारखेच्या आत खात्यावर जमा करा. डिपॉझिट आणि पहिल्या तीन महिन्यांचे भाडे प्रवेशाबरोबरच द्या. भाडेकराराऐवजी महाविद्यालयाचा दाखला व स्वयंघोषणापत्र ग्राह्य धरा. रक्कम महागाईशी जोडा. अनुसूचित जातींचा निधी दुसरीकडे वळवता येणार नाही असा कायदा करा; आंध्र, तेलंगणा, कर्नाटकाने तसा कायदा केला आहे. आणि स्वाधारच्या नावाखाली नवी वसतिगृहे बांधणे टाळू नका.

संविधानाचे कलम ४६ अनुसूचित जातींच्या शिक्षणाची विशेष काळजी घ्या असे राज्याला बजावते. ही खैरात नव्हे. ज्यांचे भाडे थकले आहे त्यांनी लाजून गावी परत जाऊ नये. अर्जाची पोचपावती जपून ठेवा, तारीखवार लेखी तक्रार द्या आणि एकेकटे जाऊ नका, सगळे मिळून समाजकल्याण कार्यालयात जा. थकबाकीदार तुम्ही नाही, सरकार आहे.

जय भीम!