केरसुणीची पूजा

भाद्रपद सरतो, पावसाची झड थांबते आणि आभाळ निवळू लागते. ओढ्यांचे गढूळ पाणी नितळ होते. भाताच्या लोंब्या आणि बाजरीची कणसे दाण्यांच्या भाराने वाकतात. हा शरद ऋतू होय. दसरा-दिवाळीसारखे आपले मोठे सण याच ऋतूत यावेत, हा केवळ योगायोग नव्हे. ज्या समाजाचे सारे जीवन शेतीवर अवलंबून होते, त्याला चार महिन्यांच्या कष्टांनंतर आणि काळजीनंतर थोडा विसावा मिळे तो याच दिवसांत. विसावा मिळाला म्हणजे विचारी मनुष्याला आठवण होते ती आपल्याला साह्य करणाऱ्यांची. म्हणूनच या सणांत आनंदाबरोबर कृतज्ञतेचाही धागा गुंफलेला दिसतो.

आश्विन शुद्ध नवमीला, म्हणजे खंडेनवमीला, शेतकरी आपला नांगर, विळा आणि कोयता धुऊनपुसून मांडतो. सुतार करवत आणि रंधा मांडतो, लोहार घण आणि ऐरण यांना गंधफूल वाहतो. कारखान्यांतील यंत्रांना आणि रस्त्यावरील मोटारींना झेंडूच्या माळा चढतात. विद्यार्थी पाटीवर सरस्वती काढून ग्रंथांची पूजा करतात. आश्विन पौर्णिमेला कोकणात नव्या भाताच्या लोंब्या आंब्याच्या पानांसह दाराला बांधतात. त्यालाच ‘नवे’ म्हणतात. वसुबारसेला गाय-वासराची पूजा होते, आणि अनेक घरी त्या दिवशी गाईचे दूध, दही, तूप यांना कोणी शिवत नाही. जिच्यापासून आपण वर्षभर घेतो, तिच्यापासून एक दिवस काही घ्यावयाचे नाही, ही कल्पना किती सुंदर आहे! आणि लक्ष्मीपूजनाच्या सायंकाळी नवी केरसुणी आणून, तिला हळदकुंकू वाहून, तिचीच लक्ष्मी म्हणून पूजा करतात.

कोणी म्हणेल, नांगराला आणि केरसुणीला आपल्या पूजेचे काय कळणार? खरे आहे. त्यांना काहीच कळत नाही. परंतु ही पूजा वस्तूंसाठी नसून पूजा करणाऱ्याच्या मनासाठी आहे. जो नांगरापुढे हात जोडतो, तो त्याला चिखलात गंजू देणार नाही. जो पुस्तकाला फूल वाहतो, त्याचा पाय चुकून पुस्तकाला लागला तर तो चटकन वाकून नमस्कार करतो. आपले पोट आपण एकट्याने भरीत नाही, त्याला अनेकांचा हातभार लागतो, हे सत्य या छोट्या छोट्या आचारांतून लहानपणीच मनावर ठसते.

येथेच एक प्रश्न मात्र स्वतःला विचारला पाहिजे. आपण विळ्याची पूजा करतो. पण तो विळा धरून भर उन्हात कापणी करणाऱ्या मजूर स्त्रीची आठवण करतो काय? आपण केरसुणीला लक्ष्मी म्हणतो, तिला पाय लागू देत नाही. पण तिच केरसुणी हाती धरून पहाटे आपला रस्ता झाडणाऱ्या माणसाला आपण काय म्हणतो? शिंदीच्या पानांची केरसुणी वळणारा कारागीर शेकडो वर्षे गावकुसाबाहेर राहिला. त्याने केलेली केरसुणी देवघरापर्यंत गेली, आणि त्याला स्वतःला मात्र उंबरठ्याबाहेर उभे राहावे लागले. १९५० साली अमलात आलेल्या आपल्या राज्यघटनेच्या १७ व्या अनुच्छेदाने अस्पृश्यता नष्ट केली. तरीही घरकामाला येणाऱ्या बाईसाठी चहाचा कप वेगळा ठेवणारी घरे आजही आढळतात. अशा घरातील केरसुणीची पूजा अपुरीच म्हटली पाहिजे. हत्याराला वंदन करावे आणि हाताला विसरावे, ही कृतज्ञता नव्हे. ती कृतज्ञतेची सावली आहे.

संत गाडगेबाबा (१८७६–१९५६) यांनी हे मर्म ओळखले होते. ते एखाद्या गावात जात ते हाती खराटा घेऊनच. दिवसा ते गाव झाडून स्वच्छ करीत आणि रात्री कीर्तनातून लोकांच्या मनांतील केर काढीत. खराट्याची पूजा त्यांनी हळदकुंकवाने केली नाही. तो स्वतः हाती धरून केली. झाडण्याचे काम हलके नाही, हे त्यांनी न बोलताच सर्वांना दाखवून दिले.

देणाऱ्याचा विसर पडणे हा दोष केवळ आपल्याच समाजात आहे असे नाही. अमेरिकेत नोव्हेंबर महिन्याच्या चौथ्या गुरुवारी आभारदिन पाळतात. त्या दिवशी दूरदूरची मुले-माणसे घरी येतात आणि सारे कुटुंब एकत्र जेवते. त्याचे मूळ १६२१ च्या शरद ऋतूतील एका मेजवानीत सांगितले जाते. आदल्या वर्षी इंग्लंडहून प्लिमथ येथे येऊन उतरलेल्या शंभराच्या आसपास लोकांपैकी जवळजवळ निम्मे पहिल्या हिवाळ्यातच मरण पावले. उरलेल्यांना मका कसा पेरावा हे टिस्क्वांटम नावाच्या तेथील एका मूळ रहिवाशाने शिकविले. पीक हाती आल्यावर झालेल्या मेजवानीला वाम्पानोआग जमातीचे सुमारे ९० पुरुष उपस्थित होते. परंतु पुढे ५०–५५ वर्षांतच, १६७५–७६ मध्ये, वसाहतवाले आणि तेच शेजारी यांच्यात घनघोर युद्ध झाले आणि मूळ रहिवाशांच्या जमिनी गेल्या. म्हणून १९७० पासून त्यांचे काही वंशज आभारदिनाच्याच दिवशी प्लिमथ येथे जमून शोकदिन पाळतात. अन्नाबद्दल देवाचे आभार मानले, पण अन्न पिकवावयास शिकविणाऱ्याचे ऋण विसरले, तर सणाच्या ताटाभोवती अशी दुःखाची छाया पडते.

इतक्या दूर जाण्याचेही कारण नाही. दिवाळीच्या दिवसांत आपल्याच घरात पाहावे. चकल्या, करंज्या, अनारसे यांची ताटे सर्वांपुढे फिरतात. नरकचतुर्दशीला सर्वांच्या आधी उठून पाणी तापविणारी आई सर्वांच्या शेवटी जेवावयास बसते. तिला कोणी ‘तू दमलीस का?’ असे विचारते काय? यावर पुष्कळजण म्हणतात, ‘आपल्याच माणसांचे आभार कसले मानावयाचे? आभार परक्यांचे मानावेत.’ या म्हणण्यात थोडे तथ्य आहे. आपल्या घरांत प्रेम शब्दांपेक्षा कृतीने व्यक्त करण्याची रीत आहे, आणि ती चांगलीच आहे. परंतु शब्दही नाही आणि कृतीही नाही, अशी स्थिती झाली म्हणजे त्या मौनाला प्रेम म्हणावे की विसर म्हणावे? आईला औपचारिक ‘आभारी आहे’ म्हणण्याची गरज नाही. तिच्या हातातील झारा घेऊन ‘आता तू बस, मी तळतो’ एवढे म्हटले तरी पुरे.

दिवाळीला कामगारांना पोस्त देण्याची प्रथा आहे. ती जरूर पाळावी. परंतु पोस्त म्हणजे कृतज्ञता नव्हे. पोस्त देताना आपला हात वर असतो. कृतज्ञता व्यक्त करताना आपली मान लवते. भ्रमणध्वनीवर आलेल्या शुभेच्छा एका क्षणात शंभर जणांना धाडता येतात, पण त्यांतही कोणा एकाची अशी आठवण नसते. खरी कृतज्ञता माणसाला त्याच्या नावाने ओळखते, त्याच्या कामाची किंमत जाणते आणि त्याचे ओझे थोडे तरी आपल्या खांद्यावर घेते.

विद्यार्थी मित्रांनो, यंदा दिवाळीत केरसुणीला हळदकुंकू वाहताना हे ध्यानात ठेवा. तुमची गल्ली झाडणाऱ्या माणसाचे नाव तुम्हांला ठाऊक आहे काय? नसेल तर ते विचारा. फराळाचे ताट त्यांना दारात उभे करून देऊ नका. घरात बोलावून, आपल्या शेजारी बसवून द्या. आणि दुसऱ्या दिवशी फटाक्यांचा कचरा त्यांच्यासाठी रस्त्यावर ठेवू नका. तो तुम्हीच झाडून काढा. केरसुणीची पूजा त्या दिवशी पुरी होईल.