नाव नसलेले दुखणे

पाठीच्या दुखण्याला मराठीत नावे पुष्कळ आहेत. उसण भरते, चमक निघते, कंबर धरते, ठणका लागतो. घरातली बाई यांतला नेमका शब्द वापरते आणि ऐकणाऱ्याला दुखण्याची जात कळते. हेच दुखणे इस्पितळात गेले, की त्याला पुष्कळदा एक आकडा मिळतो : एम ५४.९. अर्थ, 'पाठदुखी, अनिर्दिष्ट'.

हा आकडा जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणातला, म्हणजे आयसीडीतला. त्याचे मूळ पॅरिसचे संख्याशास्त्रज्ञ झाक बर्तियों यांच्या १८९३ सालच्या यादीत आहे. ती यादी मृत्यूच्या कारणांची होती. पुढे १९४८ साली संघटनेने सहावी आवृत्ती काढली, तेव्हा मरणाबरोबर आजारही तिच्यात आले. दहाव्या आवृत्तीत टिंबानंतरचा आठ बहुधा 'इतर'साठी आणि नऊ 'अनिर्दिष्ट'साठी राखलेला असतो.

बँकेत उमेद घालवलेल्या माझ्यासारख्याला हा नऊ ओळखीचा वाटतो. ज्या रकमेचा धनी सापडत नाही, ती आम्ही सस्पेन्स खात्यात ठेवत असू. हिशेब तपासनीस आला, की त्याचा पहिला प्रश्न त्याच खात्याबद्दल असे. तरीही नोंद मिटवण्याच्या घाईने ती रक्कम भलत्याच्याच खात्यात ढकलणे हा गंभीर गुन्हा मानला जाई. पाठदुखीच्या बाबतीत मात्र अशी ढकलाढकल राजरोस चालते आणि तिला सर्वांची संमती असते.

'काही विशेष नाही' असे डॉक्टरांनी सांगितले, तर पैसे देऊन आलेला रोगी नाराज होतो. मग एमआरआय निघतो आणि 'डिस्क बल्ज', 'झीज' असे शब्द घरी येतात. वस्तुतः कंबरदुखीच्या दहापैकी सुमारे नऊ रोग्यांत एकच एक निश्चित कारण दाखवता येत नाही. आणि ज्यांची पाठ मुळीच दुखत नाही अशांच्या तपासण्यांचा २०१५ साली एकत्रित आढावा घेतला गेला, तेव्हा विशीतल्या ३७ टक्के आणि ऐंशीच्या घरातल्या ९६ टक्के लोकांत चकतीची झीज दिसली. ही झीज केस पिकण्यासारखी आहे. पण एकदा कागदावर आली, की चाळिशीची सून वाकायला भिते, पट्टा बांधते, हिंडणे-फिरणे सोडते आणि त्यामुळेच तिची पाठ आणखी आखडते.

विम्याचा पेच निराळा. आपल्याकडे इस्पितळाने भरायच्या दाव्याच्या अर्जात आयसीडी-१० चा रकाना असतो. तिथे 'अनिर्दिष्ट' लिहिले, तर 'केवळ तपासणीसाठी भरती' म्हणून दावा फेटाळला जाण्याची धास्ती. चकती सरकल्याचे लिहिले, तर अनेक पॉलिसींतली दोन-दोन वर्षांची प्रतीक्षा आड येते. माझ्या शेजाऱ्यांनी तीन दिवसांच्या बिलापायी चार महिने पत्रव्यवहार केला. त्यात त्यांच्या पत्नीला किती दुखत होते हा प्रश्न कोणीच विचारला नाही. आकडा ठरेपर्यंत जणू दुखणेच खरे नव्हते!

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. 'अनिर्दिष्ट' हा आळसाचाही आडोसा होऊ शकतो. लघवीवरचा ताबा जाणे, पाय लुळा पडणे, ताप, अकारण वजन घटणे, पूर्वीचा कर्करोग, पडल्याचा मार, यांपैकी काही असेल तर कारण शोधलेच पाहिजे आणि तेही ताबडतोब. अडचण अशी, की नीट शोधूनही न सापडलेले कारण आणि मुळात न शोधलेले कारण, दोन्ही त्याच नऊखाली जाऊन बसतात.

नुसते आकडे वाढवून हे सुटत नाही. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०२१ पासून आपल्या आवृत्तीतल्या कंबरदुखीच्या एका आकड्याचे तीन केले. त्यांतला पहिला पुन्हा 'अनिर्दिष्ट'च! १ जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या अकराव्या आवृत्तीने कंबरदुखी लक्षणांच्या प्रकरणात नेऊन ठेवली, हे मला अधिक प्रामाणिक वाटते.

२०२० साली जगात सुमारे ६१ कोटी ९० लाख माणसांची कंबर दुखत होती. एवढ्या माणसांना उगाच एकेक रोग चिकटवण्यापेक्षा डॉक्टरांनी आकड्याखाली दोन ओळी लिहाव्यात : काय तपासले आणि काय आढळले नाही. विमा कंपनीने त्या ओळी वाचून मगच निर्णय द्यावा. आणि घरच्यांनी, रिपोर्टात काही आले नाही म्हणून, 'तुला काही झालेलेच नाही' असे त्या बाईला म्हणू नये. पाण्याची कळशी आज दुसऱ्या कोणी उचलावी, एवढे ठरवायला कुठल्याच आकड्याची गरज नसते.